रामशास्त्री प्रभुणे : भाऊबंदांच्या वादांचा न्यायाधीश

रामशास्त्री प्रभुणे यांचे नाव उच्चारताच महाराष्ट्रातील शाळकरी मुलालाही एकच प्रसंग आठवतो. भर दरबारात राघोबादादांस देहान्त प्रायश्चित्त सांगणारा निःस्पृह न्यायाधीश, ही त्यांची मूर्ती नाटकांनी, चित्रपटांनी आणि क्रमिक पुस्तकांनी घरोघरी नेली आहे. ती मूर्ती खोटी नाही, परंतु ती अपुरी आहे. न्यायाधीशाच्या वाट्याला असा प्रसंग आयुष्यात एकदाच येतो. एरवी त्याच्या पुढ्यात काय येई? कोणा गावच्या थोरल्या घराने धाकट्या घराची जमीन दाबली. परागंदा झालेला भाऊ वीस वर्षांनी परत आला आणि त्याच्या वाट्यात चुलत्याने विहीर खणलेली आढळली. विधवेने दत्तक घेतला आणि दिरांनी तो मानला नाही. पेशवाईच्या दप्तरात असल्या कज्ज्यांच्या कागदांचे ढीग आहेत. रामशास्त्र्यांच्या न्यायासनाचा पुष्कळसा काळ अशा वतनाच्या, इनामाच्या आणि शेताच्या भांडणांत गेला.

आपल्या मंडळातील बहुतेक कुटुंबांचे मूळ कोठल्या ना कोठल्या गावात आहे, आणि त्या गावी थोडीफार सामाईक जमीन आहे. त्या जमिनीपायी बोलणे बंद झालेले सख्खे भाऊ आपल्यापैकी प्रत्येकाच्या माहितीत आहेत. म्हणून या वर्षीच्या अंकासाठी शास्त्रीबोवांचे चरित्र लिहिताना, त्यांच्या तेजाबरोबरच त्यांच्या रोजच्या कामाकडेही वाचकांचे लक्ष वेधावे असे मनात आहे. सत्पुरुष कोणत्या ज्ञातीत जन्मला याला फारसे महत्त्व नसते. त्याचे अनुकरण जो करील त्याचा तो.

बालपण आणि विद्याभ्यास

साताऱ्याच्या पूर्वेस कृष्णा आणि वेण्णा यांच्या संगमावर क्षेत्र माहुली नावाचे गाव आहे. घाट, देवालये आणि नदीचे विस्तीर्ण पात्र यांनी शोभणाऱ्या या गावी अठराव्या शतकाच्या पहिल्या चतुर्थकात प्रभुण्यांच्या घरी रामशास्त्र्यांचा जन्म झाला. वडिलांचे छत्र लहानपणीच हरपले. विद्येकडे लक्ष लागेना, आणि बाळपणाची वर्षे तशीच गेली. घरच्या ओढगस्तीमुळे म्हणा किंवा वडीलधाऱ्यांच्या बोलण्यास कंटाळून म्हणा, या मुलाने साताऱ्याचे प्रसिद्ध सावकार अनगळ यांच्या वाड्यात पडेल ते काम करण्याची नोकरी धरली.

पुढची हकीकत परंपरेने आली आहे. एके दिवशी धन्याच्या पायांवर पाणी घालीत असता या पोराची नजर धन्याच्या कानातील मोत्यांच्या भिकबाळीवर खिळली आणि पाण्याची धार भलतीकडेच पडू लागली. धनी संतापून बोलला, की असली भिकबाळी विद्वानाच्या नाही तर शूराच्या कानात शोभते, पाणी घालणाराने तिच्याकडे पाहू नये. ते बोलणे पोराच्या जिव्हारी लागले. आपणांस विद्या शिकावयाची आहे असे त्याने धन्यास निर्धाराने सांगितले, आणि ज्याच्या तोंडून तो कठोर शब्द गेला त्याच सावकाराने त्यास काशीस धाडण्याची तजवीज केली. अपमान करणाराने अपमानिताचे म्हणणे ऐकून घेतले, एवढ्यावरून एका आयुष्याचा ओघ पालटला.

काशीत जाणत्या वयात मुळाक्षरांपासून आरंभ करणे ही सोपी गोष्ट नव्हे. सोबतचे विद्यार्थी वयाने लहान आणि अभ्यासाने पुढे गेलेले. पण रामशास्त्र्यांनी अनेक वर्षे खपून धर्मशास्त्रात असे प्रावीण्य मिळविले, की परतताना त्यांच्यामागे पंडित म्हणून कीर्ती चालत आली. त्यांचे गुरू म्हणून परंपरा बाळंभट्ट पायगुंडे यांचे नाव सांगते. मिताक्षरेवरील बालंभट्टी ही विख्यात टीका याच नावाशी निगडित आहे, आणि स्त्रियांच्या वारसाहक्काकडे इतर टीकाकारांहून अधिक उदार दृष्टीने पाहणारी म्हणून ती पंडितांत ओळखली जाते.

मिताक्षरा म्हणजे याज्ञवल्क्यस्मृतीवरील विज्ञानेश्वरांचे भाष्य. वडिलार्जित मालमत्तेत मुलाचा हक्क जन्मतःच उत्पन्न होतो, बापाच्या मर्जीवर तो अवलंबून नसतो, हे या ग्रंथाचे प्रसिद्ध मत. वाटणी होईपर्यंत सर्वांचे सर्वांत स्वामित्व असते. शेताच्या कोणत्याही कोपऱ्यावर उभे राहून हा माझाच, असे कोणा एका भावाला म्हणता येत नाही. म्हणूनच एका भावाला वगळून दुसऱ्याने केलेला व्यवहार वादाचे मूळ होतो. रामशास्त्र्यांनी काशीत हे पाठ केले. पुण्यास आल्यावर त्यांना ते माणसांच्या तोंडून ऐकावयाचे होते.

न्यायासनावर

सन १७५१ च्या सुमारास रामशास्त्री नानासाहेब पेशव्यांच्या पदरी शास्त्री म्हणून राहिले, आणि १७५९ मध्ये त्यांजकडे न्यायाधीशपद आले. यापुढील तीस वर्षांत दरबारी चार पेशवे झाले, पानिपतचा प्रलय झाला, कर्त्या पुरुषांची एक पिढीच नाहीशी झाली. काही काळाचा अपवाद सोडता न्यायासनावर हाच पुरुष राहिला.

त्या काळची न्यायव्यवस्था आजच्यासारखी पायऱ्या बांधून काढलेली नव्हती. गावचा तंटा प्रथम पाटलापुढे आणि गावच्या गोतापुढे जाई. तेथे समाधान न झाल्यास परगण्याचे देशमुख-देशपांडे आणि सरकारचा मामलेदार यांजकडे, आणि तेथेही न मिटल्यास हुजूर, म्हणजे पुण्यास. न्यायाधीश पुष्कळ वेळा स्वतः एकटा निकाल देत नसे. तो उभयपक्षांच्या संमतीने पंचायत नेमून देई, तिची चौकशी रीतीने होते की नाही हे पाही, आणि निवाडा शास्त्रास व वहिवाटीस धरून असला म्हणजे तो सरकारच्या शिक्क्याने कायम होई.

जमिनीचे वाद इतके का होत, हे समजण्यास त्या काळचे जिणे ध्यानी घ्यावे लागते. मिरासदाराची जमीन ही केवळ पोटाची सोय नव्हती. गावातील मान, होळीची पोळी, पोळ्याच्या बैलांचा क्रम, लग्नातील विडा या सर्वांचा धागा वतनाशी आणि मिराशीशी जोडलेला असे. दुष्काळ पडला, फौजेची धामधूम झाली, की एखादी शाखा मुलूख सोडून जाई. मागे राहिलेला भाऊ सरकारचा सारा भरून सगळी जमीन कसू लागे. त्याच्या मुलांस ती आपलीच वाटे, आणि मग गेलेल्यांची मुले परत येत. दोघेही आपापल्या परीने खरे बोलत असत. एकाने घाम गाळलेला असे, दुसऱ्याचे रक्त त्या मातीचे असे. बृहस्पतीच्या स्मृतीत परदेशी गेलेल्या वाटेकऱ्याच्या वंशजाने परत येऊन भाग मागितल्यास तो द्यावा असे सांगितले आहे. परंतु तो खरोखरच त्या वंशाचा आहे हे ठरवावयाचे कोणी, आणि कसे?

ऐकण्याची रीत

येथे त्या काळच्या चौकशीची रीत थोडी तपशिलाने सांगणे अवश्य आहे.

फिर्याद येताच प्रतिपक्षास बोलावणे जाई. बोलावणे घेऊन जाणाऱ्या प्याद्याचा खर्च, ज्यास मसाला म्हणत, तो पक्षकारांवर पडे. दोघे हजर झाल्यावर प्रत्येकाकडून जामीन घेत, आणि नेमलेल्या पंचांचा निर्णय आपणांस मान्य असल्याबद्दल राजीनामा लिहून घेत. आज राजीनामा म्हणजे नोकरी सोडल्याचा कागद. त्या काळी तो राजीपणाचा, म्हणजे संमतीचा कागद होता. ज्यांच्यापुढे आपले गाऱ्हाणे मांडावयाचे ती माणसे आपणांस मान्य आहेत, असे दोन्ही बाजूंनी आधी म्हणावयाचे, मगच तोंड उघडावयाचे.

नंतर उभयतांची तकरीर लिहून घेत. तकरीर म्हणजे आपली संपूर्ण बाजू. मूळ पुरुष कोण, त्यास पुत्र किती, वडील कोण, धाकटा कोण, वाटणी केव्हा झाली किंवा झालीच नाही, कोणते शेत कोणी वाहिले, सारा कोणी भरला, हे सारे वंशावळीसह त्यात येई. एकाची तकरीर दुसऱ्यास ऐकवून त्याचे उत्तर घेत. मग पुराव्याची पाळी. याज्ञवल्क्याने लिखित, भुक्ती आणि साक्षी असे तीन पुरावे सांगितले आहेत: कागद, प्रत्यक्ष वहिवाट आणि माहितगार माणसाचे बोलणे. जुनी पत्रे काढून शिक्का आणि अक्षर ताडून पाहत. गावची वृद्ध माणसे बोलावीत. देवालयात किंवा नदीकाठी बेलभंडार उचलून साक्षी होत.

शिवेचा वाद असला तर गावच्या महाराच्या साक्षीस विशेष वजन असे. गावची शीव त्याने पिढ्यान्‌पिढ्या राखलेली, तेव्हा तिचा दगड कोठे होता हे त्याच्याइतके कोणास ठाऊक? एरवी ज्यास समाजाने वाड्याच्या बाहेर उभे केले, त्याच्या शब्दावर वाड्यातील थोरामोठ्यांच्या जमिनीची हद्द ठरे. ज्याला माहिती आहे त्याला विचारल्यावाचून न्याय होत नाही, हे त्या अन्यायी समाजरचनेलाही या एका ठिकाणी मान्य करावे लागले होते.

शेवटी महजर होई. गोतसभेस बसलेले पाटील, कुलकर्णी, बलुतेदार त्यावर आपापल्या निशाण्या करीत. पाटलाचा नांगर, आणि इतरांची ज्याच्या त्याच्या धंद्याची हत्यारे. जिंकणाराकडून सरकार हरकी घेई आणि हरणाराकडून गुन्हेगारी. हरलेला पक्ष जिंकलेल्यास येजितखत लिहून देई, म्हणजे आपला दावा खोटा ठरल्याचे आपल्या हातानेच कबूल करी.

या रीतीत दोष नव्हते असे नाही. पंचांस मेहनताना नसे, म्हणून ते वेळेवर जमत नसत. मातबर पक्षकार बोलावणे टाळी आणि वर्षे लोटत. पैसा आणि वशिला यांचा शिरकाव होई. पुरावा सरला म्हणजे तापलेल्या तुपातून किंवा तेलातून रवा काढण्याच्या दिव्याचाही आश्रय घेत, ज्यात आज कोणीही न्याय पाहणार नाही. हरकी आणि गुन्हेगारी यांवर सरकारचे लक्ष राही, हाही एक मोहच होता. एल्फिन्स्टनने १८१९ च्या आपल्या अहवालात पंचायतीचे गुण आणि असे दोष दोन्ही नमूद केले आहेत. व्यवस्था अशी सैल असली म्हणजे ती चालविणाऱ्या माणसावर सर्व भार येतो. शास्त्रीबोवांचे मोठेपण येथे आहे. कायद्याने जी हमी दिली नव्हती ती त्यांच्या वर्तनाने दिली.

ऐकणाराचे चारित्र्य

वाद ऐकणारा कोणाचा मिंधा नसावा, हे सांगणे सोपे असते. रामशास्त्र्यांनी ते घरात आचरिले. घरी एका दिवसापुरताच शिधा ठेवावयाचा असा त्यांचा नेम होता असे सांगतात. त्यांच्या पत्नीची कथा सर्वश्रुत आहे. पेशव्यांच्या वाड्यात हळदीकुंकवास गेलेल्या या साध्या वेषातील बाईंस पेशव्यांच्या पत्नीने शालू नेसवून, अलंकार घालून पालखीतून घरी पाठविले. शास्त्रीबोवांनी दाराशी आलेली पालखी पाहून, ही कोणा थोराघरची स्त्री चुकून येथे आली आहे असे भोयांस सांगितले आणि दार लावून घेतले. बाई समजल्या. दागिने परत गेले आणि त्या पायी घरी आल्या.

कथा थोडीफार रंगविलेली असेल. पण तिच्यातील मर्म त्या काळच्या लोकांनी नेमके ओळखले होते. ज्या घरात पेशव्यांचा शालू शिरला त्या घरात पेशव्यांच्या मर्जीतला पक्षकारही शिरणार. दोन भावांपैकी गरीब भाऊ जेव्हा न्यायाधीशाच्या ओसरीवर येतो, तेव्हा तो आधी ओसरी पाहतो. तेथे आपल्या श्रीमंत भावाने दिलेले काही दिसत नाही ना, याची खात्री झाली म्हणजे त्याची जीभ मोकळी होते.

थोरल्या माधवरावांशी झालेला त्यांचा प्रसंगही असाच. तरुण पेशवे स्नानसंध्या, जप आणि मौन यांत फार वेळ घालवू लागले. शास्त्रीबोवा कामकाजास गेले असता मौनामुळे परत फिरले. दुसऱ्या दिवशी ते काशीस जाण्याची परवानगी मागू लागले. कारण विचारता त्यांनी स्पष्ट सांगितले की श्रीमंतांस जपतपच करावयाचे असेल तर राज्य सोडून गंगातीरी चलावे, आणि राज्य करावयाचे असेल तर रयतेची दाद लावणे हाच त्यांचा जप होय. माधवरावांनी रोष न धरता आपला क्रम बदलला. या गोष्टीकडे आपण राजाच्या नम्रतेचे उदाहरण म्हणून पाहतो. शास्त्रीबोवांच्या डोळ्यांपुढे मात्र वाड्याबाहेर ताटकळणारे फिर्यादी असले पाहिजेत. लांबच्या परगण्यातून पायी आलेला कुणबी, गाठीचे खाणे संपत आलेले, शेतात पेरणीचा वाफसा गेलेला. त्याचे ऐकण्यास एक दिवस उशीर म्हणजे त्याचा एक हंगाम बुडणे.

धन्याच्या घरची भाऊबंदकी

विधिसंकेत असा, की दुसऱ्यांच्या भाऊबंदकीचे निवाडे करणाऱ्या या पुरुषास सर्वांत मोठी भाऊबंदकी आपल्या धन्याच्याच घरी पाहावी लागली.

नानासाहेब १७६१ मध्ये निवर्तल्यावर पेशवाई त्यांचे पुत्र माधवराव यांस मिळाली. नानासाहेबांचे बंधू रघुनाथराव ऊर्फ राघोबादादा हे पराक्रमी आणि वयाने वडील. आपणांस योग्य तो मान आणि वाटा मिळाला नाही हे शल्य त्यांच्या मनात राहिले. १७६२ मध्ये चुलते-पुतण्यांच्या फौजा एकमेकींवर चालून गेल्या आणि माधवरावांनी नमते घेतले. पुढे राघोबांनी राज्याची वाटणी मागितली. १७६८ मध्ये धोडपच्या लढाईत त्यांचा पाडाव होऊन ते शनिवारवाड्यात नजरकैदेत आले. १८ नोव्हेंबर १७७२ रोजी थेऊर येथे माधवरावांचा अंत झाला, आणि ३० ऑगस्ट १७७३ रोजी त्यांचे धाकटे बंधू नारायणराव यांचा शनिवारवाड्यातच गारद्यांनी खून केला. त्या वेळी ते अठरा वर्षांचे होते.

राघोबांचा वाटणीचा दावा शास्त्राने टिकणारा होता की नाही, हा पंडितांचा प्रश्न आहे. राज्य हे शेतासारखे बांध घालून वाटता येत नाही, हे माधवरावांचे धोरण बरोबरच होते. परंतु एक गोष्ट विचार करण्यासारखी आहे. महाराष्ट्रातील कोणत्याही खेड्यातील दोन भावांना जे उपलब्ध होते ते पेशव्यांच्या घराला उपलब्ध नव्हते. त्यांच्यावर गोतसभा नव्हती. दोघांनी मिळून राजीनामा लिहून द्यावा आणि तकरीर मांडावी असे आसन त्यांच्या वर उरले नव्हते, कारण साताऱ्याच्या छत्रपतींची सत्ता तोवर नावापुरतीच राहिली होती. ज्या भांडणाला ऐकणारा नाही ते फौजेकडे गेले, फौजेतून कैदेकडे, आणि कैदेतून गारद्यांच्या तलवारीकडे.

खुनानंतर राघोबादादा पेशवे झाले. दरबारातील बहुतेकांनी मान खाली घातली. रामशास्त्र्यांनी मात्र आपले नेहमीचे काम केले, म्हणजे चौकशी केली. धरावे या शब्दाचे मारावे झाले, ही लोकांच्या तोंडी असलेली कथा या चौकशीशी जोडली जाते. तिच्या खरेखोटेपणाची चर्चा इतिहासकार करीत आले आहेत. आपल्या विषयास महत्त्वाचे ते हे, की शास्त्रीबोवांनी बाजारगप्पेवर विसंबून कोणास दोष दिला नाही. कित्येक आठवडे तपास करून, त्या कटातील माणसे शोधून, मगच ते मताला आले. आणि मत ठरल्यावर ते पाठीमागे न बोलता राघोबांच्या तोंडावर सांगितले. या पातकास देहत्यागावाचून दुसरे प्रायश्चित्त नाही, असे त्यांनी नव्या पेशव्यांस सुनावले, आणि त्यांचा अंमल आहे तोवर पुण्यात पाऊल ठेवणार नाही असा निश्चय करून ते वाईजवळच्या एका गावी जाऊन राहिले.

आपण या प्रसंगातील धैर्याचे गोडवे गातो ते योग्यच आहे. त्यातील समदृष्टीही पाहावी. गावच्या दोन घरांच्या वादात जी रीत ते चालवीत, आधी शोध, मग निर्णय, आणि निर्णय समोरासमोर, तीच त्यांनी राज्याच्या धन्यालाही लावली. अधिक कठोर नाही आणि अधिक सौम्यही नाही.

अखेरची वर्षे

राघोबांचा अंमल टिकला नाही. बारभाईंनी कारभार हाती घेतला, १८ एप्रिल १७७४ रोजी पुरंदरावर सवाई माधवरावांचा जन्म झाला, आणि पुढे नाना फडणिसांच्या कारभारात रामशास्त्री पुन्हा आपल्या आसनावर आले. राज्यातील सर्वांत बलाढ्य पुरुषास दोषी ठरविणारा हा न्यायाधीश परत येऊन पूर्वीप्रमाणेच शेताचे आणि पाटीलकीचे कज्जे ऐकू लागला. १७८९ मध्ये त्यांचे देहावसान झाले. साताऱ्यास रेसिडेंट म्हणून राहिलेल्या ग्रँट डफने मराठ्यांच्या इतिहासात त्यांच्याविषयी अत्यंत आदराने लिहिले आहे. ते राज्य जिंकणाऱ्या सरकारचा अधिकारी त्या राज्याच्या न्यायाधीशापुढे मान लववितो, यावरून त्यांचा लौकिक किती खोलवर गेला होता ते दिसते.

आपल्या घरासाठी

चरित्र संपले. आता ज्ञातिबांधवांस आणि भगिनींस दोन शब्द सांगण्याची परवानगी असावी.

शास्त्रीबोवांच्या काळापेक्षा आज कायदा पुष्कळ स्पष्ट आहे. महाराष्ट्रात १९९४ च्या दुरुस्तीने आणि सर्व देशात २००५ च्या दुरुस्तीने एकत्र हिंदू कुटुंबाच्या मालमत्तेत मुलीस मुलाइतकाच जन्मसिद्ध हक्क मिळाला. २००५ साली वडील हयात असोत वा नसोत, हा हक्क मुलीस आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये निःसंदिग्ध केले. सातबाऱ्यावर फेरफार धरताना हितसंबंधितांस नोटीस द्यावी लागते, हरकत आल्यास तिची सुनावणी होते, आणि मालकीचाच वाद असला तर दिवाणी न्यायालयाचे दार उघडे आहे. प्याद्याचा मसाला गेला, तापल्या तुपातील रवा गेला.

तरी घरातील चित्र काय आहे? धाकटा भाऊ मुंबईस किंवा पुण्यास असतो. त्याला वाटणीची वार्ता कागद तयार झाल्यावर कळते. गावी राहून तीस वर्षे शेती राखणाऱ्या थोरल्याने विहिरीस किती कर्ज काढले, आईचे आजारपण कोणी काढले, हे शहरातल्या भावाने कधी विचारलेले नसते. बहीण दिवाळीला माहेरी येते, फराळ होतो, आणि मग तिच्यापुढे हक्कसोडपत्र ठेवले जाते. ती सही करते, कारण न केल्यास माहेर तुटेल अशी तिला भीती असते. कोणी तिला मारलेले नसते, कोणी खोटे बोललेले नसते. पण तिची तकरीर कोणी लिहून घेतलेली नसते. तिने आनंदाने हक्क सोडला तर तो तिचा मोठेपणा. परंतु सोडण्यापूर्वी तिला काय म्हणावयाचे आहे हे एकदा विचारलेच पाहिजे, आणि ते ऐकण्यास सर्व भाऊ समोर बसले पाहिजेत.

वाटणीचा प्रश्न निघताच सर्वांनी एका ठिकाणी बसावे. दोन्ही बाजूंस मान्य असलेला आणि कोणाचाही मिंधा नसलेला एखादा वडीलधारा मध्ये घ्यावा. प्रत्येकाने आपली बाजू इतरांच्या समक्ष पुरतेपणी सांगावी, आणि ती संपेपर्यंत दुसऱ्याने मध्ये बोलू नये. कागद सर्वांनी पाहावेत. ज्याने शेत राखले त्याच्या कष्टाचा हिशेब व्हावा, ज्याचे रक्त त्या मातीचे आहे त्याचा वाटा बुडू नये. हे होऊनही मतभेद राहिले तर न्यायालयात जाण्यात कमीपणा नाही. रामशास्त्र्यांपुढे जे येत तेही कोणाचे तरी भाऊच होते.

माहुलीच्या संगमावर कृष्णा आणि वेण्णा आजही एक होतात. त्या बाजूस जाणे झाले तर घाटाच्या पायरीवर घटकाभर बसावे. याच गावात वाढलेला एक पोरका मुलगा तीस वर्षे परक्यांच्या घरची भांडणे शांतपणे ऐकत राहिला, हे आठवावे. परत येताना ज्या भावाशी बोलणे टाकले आहे त्याचे घर वाटेवर असेल, तर तेथे थांबावे आणि आधी त्याचे म्हणणे ऐकावे.